खिळ्याची कुळकथा आणि नव्या बंदुकीसाठी त्याची पारख

सुताराच्या घरात जन्मलेल्या मुलास खिळा म्हणजे काय हे शिकवावे लागत नाही. आपल्या वाडवडिलांच्या बोलीत तर त्याच्या जातीही ठरलेल्या होत्या. जाड व लांब तो मोळा, मधला तो खिळा, लहान ती चूक, आणि बारीक डोक्याची, कामात लपून जाणारी ती बिरंजी. मराठी भाषेनेही ह्या लोखंडी तुकड्याला चांगला मान दिला आहे. काम अडले की त्याला खीळ बसते, नजर एका जागी ठरली की ती खिळते, आणि सांधे सैल झाले की वस्तू खिळखिळी होते. शत्रूची तोफ निकामी करावयाची तर तिच्या बत्तीच्या भोकात खिळा ठोकीत. असे असूनही आपल्या स्मरणिकांमधून विश्वकर्म्याची स्तोत्रे, कुलवृत्तान्त व ज्ञातीतील कर्तबगार पुरुषांची चरित्रे पुष्कळ आली. ज्या वस्तूवर आपल्या चुली पेटल्या तिच्याविषयी मात्र फारसे कोणी लिहिले नाही. आज हा विषय घेण्यास आणखीही एक कारण आहे. आपल्या ज्ञातीतील तरुण कारागिरांच्या हाती आता हातोड्याऐवजी हवेच्या दाबावर चालणारी, ज्याला ते ‘नेलगन’ म्हणतात ती खिळेबंदूक आली आहे. कोणती बंदूक घ्यावी याची चौकशी जो तो करतो. तिच्यात कोणता खिळा घालावा याची चौकशी करणारा विरळा. वस्तुतः काम टिकते ते खिळ्यामुळे, बंदुकीमुळे नव्हे.

प्रथम हे ध्यानात घ्यावे की आपली जुनी सुतारी ही मुख्यत्वे खिळ्यावाचूनची सुतारी होती. पेशवाईतील वाड्यांचे सागवानी सांगाडे पाहावेत. खांबावर तुळई, तुळईवर कड्या, आणि हे सर्व कुसू व भोक यांच्या मिलाफाने बसविलेले. फार तर वरून लाकडी खुंटी किंवा पाचर. लोखंड महाग होते आणि लोहाराचा घण एकेक खिळा घडवीत असे, हे त्याचे एक कारण. दुसरे कारण असे की लाकूड पावसाळ्यात फुगते व उन्हाळ्यात आकसते. कुसवाचा सांधा त्याच्याबरोबर फुगतो व आकसतो, खिळा तसे करीत नाही. खिळ्याचा जेथे थाट दिसे तो दरवाज्यावर. पुण्याच्या शनिवारवाड्याच्या दिल्ली दरवाज्यावर हत्तीने धडक देऊ नये म्हणून पोलादाचे अणकुचीदार खिळे, प्रत्येकी सुमारे बारा इंच लांबीचे, ओळीने बसविलेले आहेत. वाडा १८२८ च्या आगीत जळाला, परंतु तो दरवाजा आजही पाहावयास मिळतो.

समुद्रावरची कथा याहून मनोरंजक आहे. हिंदी महासागरातील जुनी गलबते खिळ्यांनी ठोकलेली नसत, काथ्याच्या दोरीने शिवलेली असत. भोजराजाच्या नावावर असलेल्या ‘युक्तिकल्पतरु’ ह्या संस्कृत ग्रंथात तर समुद्रगामी नौकेच्या तळास लोखंड वापरू नये, कारण समुद्रातील चुंबकपाषाण तिला ओढून घेतील, असे सांगितले आहे. चुंबकाची गोष्ट आपण भाकडकथा म्हणून सोडून देऊ. पण त्यामागचा व्यवहार खरा होता. शिवलेल्या फळ्या लाटेबरोबर लवतात, आणि वाळूवर आपटल्या तरी चटकन फुटत नाहीत. ही विद्या पुरी लोपली असे वाटत असतानाच अजिंठ्याच्या लेण्यातील एका जहाजाच्या चित्रावरून गोव्यात तसेच शिवलेले गलबत बांधण्यात आले, आणि २०२५ साली कारवार येथे ते ‘कौंडिण्य’ ह्या नावाने भारतीय नौदलात दाखल झाले. आपल्या हस्तकौशल्याच्या परंपरेचा इतका ताजा दाखला दुसरा नसेल.

याच्या उलट रोमन लोक हे खिळ्यांचे मोठे भोक्ते. स्कॉटलंडमध्ये इंचटुथिल येथे इसवी सनाच्या ८३ च्या सुमारास त्यांनी एक लाकडी छावणी उभारली व तीन-चार वर्षांतच ती सोडून दिली. जाताना त्यांनी आपल्याजवळचे सर्व खिळे एका खड्ड्यात पुरून वर माती लोटली. हेतू हा की तेथील टोळ्यांच्या हाती ते लोखंड पडू नये व त्याची हत्यारे होऊ नयेत. विसाव्या शतकाच्या मध्यास सर इयन रिचमंड यांनी तेथे उत्खनन केले, तेव्हा हा खजिना सापडला. खिळ्यांची संख्या पावणेनऊ लाखांच्या घरात भरली! बाहेरच्या खिळ्यांचा गंजून एकजीव पापुद्रा झाला होता आणि त्या पापुद्र्याने आतले खिळे सुरक्षित राखले होते. मला ह्यात विशेष वाटते ते हे की ते सगळे एका मापाचे नव्हते. दोन-अडीच इंचांच्या चुकांपासून हातभर लांबीच्या मोळ्यांपर्यंत कामापरत्वे त्यांचे वर्ग पाडलेले होते. तुळईस एक, फळीस दुसरा, हा विवेक एकोणीसशे वर्षांपूर्वीच्या सुतारासही होता.

खिळा किती मौल्यवान होता याचे दुसरे उदाहरण अमेरिकेतले. व्हर्जिनिया वसाहतीत लोक घर सोडून दुसरीकडे जाताना जुने घर पेटवून देत व राखेतून खिळे वेचून नेत. शेवटी १६४५ साली तेथील सरकारला कायदा करावा लागला की कोणी घर जाळू नये. दोन तटस्थ माणसांनी त्या घरात किती खिळे असतील याचा अंदाज करावा आणि तितके खिळे सरकार देईल. इंग्लंडात शंभर खिळ्यांना जितके पेन्स पडत तेच त्या खिळ्याचे नाव होई. अमेरिकेतील दुकानदार आजही अडीच इंची खिळ्याला ‘आठ पेनी’ व तीन इंची खिळ्याला ‘दहा पेनी’ म्हणतो. किंमत केव्हाच बदलली, नाव तेवढे उरले.

हाताने खिळा घडविणे हे किती कष्टाचे काम, हे अ‍ॅडम स्मिथ ह्या अर्थशास्त्रज्ञाने १७७६ च्या आपल्या प्रसिद्ध ग्रंथात नोंदविले आहे. हातोडा चालविण्यात वाकबगार पण खिळे कधी न केलेला लोहार दिवसाकाठी दोन-तीनशेच खिळे करील आणि तेही वाईट. खिळ्यांची सवय असलेला पण इतरही कामे करणारा आठशे ते हजार. आणि त्याने स्वतः पाहिलेली विशीच्या आतली मुले, ज्यांनी दुसरा कोणताही धंदा केला नव्हता, ती तेवीसशेहून अधिक खिळे घडवीत. स्मिथला ह्यात श्रमविभागाची किमया दिसली. मला त्या मुलांचे हात दिसतात. इंग्लंडच्या मध्यभागी डडली, ब्रॉम्सग्रोव्ह ह्या भागांत घराच्या मागच्या खोपटात भट्टी लावून आईबाप व मुले असे सारे कुटुंब खिळे घडवी. दलाल लोखंडाच्या सळ्या देई, खिळे घेई, आणि पुष्कळदा पैशाऐवजी स्वतःच्या दुकानातला माल महागात गळ्यात मारी. १८३१ साली ह्या चालीविरुद्ध कायदा झाला तरी ती लगेच नाहीशी झाली नाही. अमेरिकेत स्वातंत्र्याचा जाहीरनामा लिहिणाऱ्या थॉमस जेफर्सनने १७९४ मध्ये आपल्या माँटिसेलोच्या जमीनदारीत खिळ्यांचा कारखाना घातला. तेथे राबत ती दहा ते सोळा वर्षांची गुलाम मुले. हे वाचताना बारा बलुतेदारांतील आपल्या लोहार बंधूंचे स्मरण झाल्यावाचून राहत नाही. त्यांच्या घरीही लहानपणीच भात्याची दोरी हाती येई. पण निदान ती स्वतःच्या बापाच्या भात्याची असे.

अठराव्या शतकाच्या अखेरीस पत्र्यातून खिळे कापणारी यंत्रे निघाली. जेकब पर्किन्स याने १७९५ मध्ये अमेरिकेत त्याचे पेटंट घेतले. हा कापीव खिळा चौकोनी, दोन बाजूंनी निमुळता आणि टोकाला बोथट असे. त्यानंतर एकोणिसाव्या शतकात फ्रान्समधून तारेचा गोल खिळा पसरला, आणि १८५६ नंतर बेसेमरच्या पद्धतीने पोलाद स्वस्त होताच त्याने बाजार जिंकला. येथे एक बारकावा सांगितला पाहिजे. कापीव खिळ्याचे बोथट टोक लाकडाचे तंतू तोडीत आत जाते. तारेच्या खिळ्याचे अणकुचीदार टोक पाचरेसारखे तंतू फाकवीत जाते. म्हणून फळीच्या कडेजवळ तारेचा खिळा मारला की ती तडकते. जुने मिस्त्री खिळ्याचे टोक ऐरणीवर एक ठोका देऊन बोथट करून मग तो का मारीत, ह्याचे उत्तर हे. स्वस्ताईने खिळा अधिक चांगला झाला असे नव्हे. तो अधिक झाला, इतकेच.

आता बंदुकीकडे वळू. १९५० च्या सुमारास अमेरिकेत महायुद्धानंतर घरबांधणीचा सपाटा चालू असता, जमिनीखालच्या फळ्या भराभर ठोकण्यासाठी हवेवर चालणारे यंत्र प्रथम बाजारात आले. ते उभ्यानेच चालवावयाचे असे व मिनिटास चाळीस ते साठ खिळे मारी. पुढे ते हलके होऊन हातात मावू लागले. परंतु खरी युक्ती बंदुकीत नसून खिळ्यांच्या माळेत आहे. सुटे खिळे यंत्रास गिळता येत नाहीत. म्हणून कागदाच्या, प्लॅस्टिकच्या किंवा बारीक तारेच्या पट्टीने ते एका विशिष्ट कोनात एकमेकांस जोडतात, आणि बारीक खिळे तर नुसत्या चिकटद्रव्याने काडीसारखे चिकटवतात. सांगाड्याच्या कामाच्या बंदुका २१ अंशांच्या, २८ अंशांच्या व ३० ते ३४ अंशांच्या माळांसाठी वेगवेगळ्या येतात. एकीची माळ दुसरीत चालत नाही. पट्टी जवळजवळ बसविण्यासाठी काही खिळ्यांचे डोके एका बाजूने छाटलेले असते. अशा डोक्याची पकड पुऱ्या गोल डोक्याहून कमी. म्हणून वादळाच्या व भूकंपाच्या प्रदेशांत तिकडचे बांधकामाचे नियम पुष्कळ ठिकाणी पुऱ्या डोक्याचाच आग्रह धरतात.

हा आग्रह उगाच नाही. २४ ऑगस्ट १९९२ रोजी अँड्र्यू नावाचे चक्रीवादळ फ्लॉरिडाच्या दक्षिण भागावर आदळले. हजारो घरांची छपरे उडाली. नंतर तज्ज्ञांनी पडझडीची पाहणी केली तेव्हा आढळले की पुष्कळ ठिकाणी छपराच्या फळ्या खिळ्यांऐवजी बंदुकीने मारलेल्या स्टेपलांनी बसविल्या होत्या, आणि त्यांतल्या कित्येक स्टेपल खालच्या वाशात शिरल्याच नव्हत्या. वाशाच्या बाजूने नुसत्या हवेत लोंबत होत्या. हातोडा मारणाऱ्यास हे लगेच कळते. खिळा वाशात गेला की आवाज भरीव येतो व हाताला दाब लागतो. वासा चुकला की खिळा एकदम पोकळ जातो. बंदूक चालविणाऱ्यास आवाज सर्वत्र सारखाच आणि झटकाही सारखाच. बोटाला लागणारी ती बातमीच यंत्राने नाहीशी केली. त्यानंतर दक्षिण फ्लॉरिडाच्या नियमांतून छपराच्या फळ्यांसाठी स्टेपल हद्दपार झाल्या, आणि पुढे अंगावर आडवे कंगोरे पाडलेला खिळा तेथे सक्तीचा झाला. आपल्याकडे ३ जून २०२० रोजी निसर्ग वादळ रायगड जिल्ह्याच्या किनाऱ्यावर आले तेव्हा श्रीवर्धन, दिवेआगर भागातील किती छपरे गेली हे कोकणातील आपल्या ज्ञातिबांधवांस सांगावयास नको. छपराच्या कामास हात घालणाऱ्याने अँड्र्यूची ही हकीकत कंठस्थ ठेवावी.

आता निवडीचा विचार. बारीक कामाचे खिळे गेजावर ओळखतात, आणि गेजाचा आकडा जितका मोठा तितका खिळा बारीक. नवशिके येथेच फसतात. १५ गेजाचा खिळा सुमारे १.८ मिलिमीटर जाड, १६ गेजाचा सुमारे १.६, १८ गेजाचा सुमारे १.२, आणि २३ गेजाची बिनडोक्याची टाचणी जेमतेम ०.६ मिलिमीटर. ही टाचणी भार सोसण्यासाठी नसतेच. डिंक किंवा सरस सुकेपर्यंत नाजूक पट्टी जागेवर धरणे हेच तिचे काम. १८ गेजाचा खिळा म्हणजे आपली जुनी बिरंजी. ती बीडिंगपट्टीस योग्य. दाराची चौकट, जाड पट्टी, वजन घेणारी फळी यांस १६ किंवा १५ गेज. घराचा सांगाडा मात्र यांपैकी कशानेही करू नये. त्यास सुमारे तीन मिलिमीटर व त्याहून जाड असे खरे खिळे व मोठी बंदूक लागते. आपल्या बाजारात खोक्यांवर एफ-३०, टी-५०, एसटी-६४ अशी चिन्हे असतात. अक्षर हे जात दाखविते आणि आकडा मिलिमीटरमधील लांबी. एफ ही १८ गेजाची, टी ही १६ गेजाची, आणि एसटी ही काँक्रीटमध्ये जाणाऱ्या कठीण पोलादी खिळ्याची जात. काँक्रीटचा खिळा लाकडाच्या बंदुकीत किंवा लाकडाचा खिळा भिंतीत घालण्याचा खटाटोप कोणी करू नये.

लांबीचा जुना नियम असा की जी वस्तू बसवावयाची तिच्या जाडीच्या तिप्पट खिळा घ्यावा, म्हणजे दोन तृतीयांश अंग खालच्या लाकडात जाते. १० मिलिमीटरच्या पट्टीस एफ-३० हा हिशेब येथूनच निघतो. पण नियम डोळे मिटून पाळू नये. तीच पट्टी १८ मिलिमीटर प्लायवुडच्या कडेवर बसवावयाची असेल तर एफ-३० उत्तम. परंतु प्लायच्या तोंडावर बसवावयाची असेल तर १० आणि १८ मिळून २८ होतात, आणि तिशीचे टोक मागून डोकावणार! तेथे एफ-२५ घ्यावा व सरस लावावा. शाळेत मी मुलांना बेरीज शिकवीत असे तेव्हा अशी उदाहरणे पुस्तकात नव्हती. असती तर सुतारांची मुले गणितात मागे पडली नसती असे मला पुष्कळदा वाटते.

अंगाविषयी थोडे. गुळगुळीत अंगाचा खिळा ठोकण्यास सोपा, तसाच निघण्यासही सोपा. कंगोऱ्याचा खिळा एकदा गेला की लाकूड फाडूनच बाहेर येतो. छपरास व जमिनीच्या फळ्यांस तो हवा. पिळाचा खिळा स्क्रूसारखा फिरत आत जातो. कठीण लाकडास व खोक्यांच्या कामास तो चांगला.

यापेक्षा अधिक विचार धातूचा करावा, कारण येथील चूक लगेच दिसत नाही, दोन पावसाळ्यांनंतर दिसते. इंग्लंडच्या आरमाराने १७६१ साली ‘अलार्म’ नावाच्या जहाजाच्या तळास किडीपासून रक्षण म्हणून तांब्याचा पत्रा मढविला. दोन-एक वर्षांनी पाहतात तो लोखंडी खिळे खारे पाणी व तांबे यांच्या संगतीने अक्षरशः विरघळून गेलेले! जेथे पत्र्याखालचा तपकिरी कागद शाबूत होता व तांबे लोखंडास लागले नव्हते तेवढे खिळे मात्र धड होते. तेव्हा तांब्या-पितळेच्या पट्टीस लोखंडी खिळा हा विजोड संसार टाळावा. लाकडाचाही स्वभाव पाहावा. ओकच्या लाकडात तुरट द्रव्य फार. ते लोखंड खाते व भोवती काळा डाग पाडते. आपल्याकडे बाभळीत हे तुरटपण आहे. हिरडा आणि हिराकस यांची काळी शाई जुन्या पंतोजींच्या दौतीत असे. खिळ्याभोवतीचा डाग म्हणजे तीच शाई, लाकडाने स्वतः केलेली. सागाचे तसे नाही. त्यातील तेलामुळे लोखंड पुष्कळ काळ सुखरूप राहते, आणि मुंबईच्या वाडियांनी सागात बांधलेल्या जहाजांच्या दीर्घायुष्याचे हेही एक रहस्य होते. जमशेटजी बमनजी वाडिया यांनी बांधलेले व १८१७ मध्ये मुंबईत पाण्यात सोडलेले ‘त्रिंकोमाली’ इंग्लंडातील हार्टलपूल येथे अजून तरंगत आहे.

बाहेरच्या कामास जस्त चढविलेला खिळा घ्यावा, आणि त्यातही वितळलेल्या जस्तात बुडविलेला. विजेने चढविलेला मुलामा फार पातळ असतो व दिसावयास अधिक चकचकीत असल्याने गिऱ्हाइकास भुलवितो. मुंबई, अलिबाग, रत्नागिरी, मालवण, गोवे अशा खाऱ्या वाऱ्याच्या ठिकाणी स्टेनलेस पोलादच बरे. तेही ३०४ पेक्षा ३१६ प्रतीचे. किंमत ऐकून छाती दडपते खरी, पण एका दाराच्या खिळ्यांची किंमत त्या दाराच्या लाकडाच्या तुलनेत किती, हा हिशेब गिऱ्हाइकासमोर मांडावा.

राहता राहिली एक गोष्ट, आणि ती घरातील बायामुलांनीही वाचावी म्हणून लिहितो. अमेरिकेत २००१ ते २००५ ह्या वर्षांत खिळेबंदुकीच्या जखमांसाठी दरसाल सुमारे ३७,००० माणसे इस्पितळांच्या तातडीच्या विभागात आली. जखमा सर्वांत अधिक हातांना व बोटांना. ह्या बंदुकांचे घोडे दोन तऱ्हांचे असतात. एका तऱ्हेत घोडा दाबून धरला की बंदुकीचे नाक जेथे जेथे टेकेल तेथे तेथे खिळा सुटतो. दुसरीत दर वेळी आधी नाक टेकवावे लागते व मग घोडा दाबावा लागतो, आणि पुढच्या खिळ्यास दोन्ही सोडून पुन्हा आरंभ करावा लागतो. पहिलीने काम झपाट्याने होते; परंतु जखमेचा धोका दुपटीच्या आसपास असल्याचे तेथील सरकारी मार्गदर्शिकेत २०११ साली सांगितले गेले. शिकाऊ मुलाच्या हाती दुसऱ्याच तऱ्हेची द्यावी. बारीक खिळा गाठीस लागला की तो वळतो व फळीच्या बाजूने बाहेर पडतो. तेव्हा फळी धरणारा हात खिळ्याच्या लांबीहून पुष्कळ दूर असावा. डोळ्यांस चष्मा असावा. हवेचा दाब बंदुकीवर छापलेल्या मर्यादेबाहेर चढवू नये. दाब अधिक झाला की डोके प्लायच्या वरच्या थरातून आरपार जाते व पकड उरते ती उरलेल्या थरांची. त्याच लाकडाच्या टाकाऊ तुकड्यावर दोन-तीन खिळे आधी मारून दाब व खोली जुळवावी. आणि खिळा अडकला तर तो काढण्यापूर्वी, मालक कितीही घाई करो, हवेची नळी प्रथम सोडवावी. मगच आंबूर हाती घ्यावा.